हुकूमशहाच्या घरातील नर्तकी

युगांडाचा लष्करशहा इदी अमीन याचे नाव आपल्या ज्येष्ठ वाचकांच्या स्मरणात असेल. १९७२ च्या ऑगस्टमध्ये त्याने आशियाई लोकांना नव्वद दिवसांत देश सोडण्याचे फर्मान काढले. दुकाने, घरे मागे टाकून हजारो कुटुंबे निघाली. त्यात गुजराती होते, तसे गोव्याचेही होते. त्याच वर्षी या माणसाने एका नर्तकीशी लग्न केले. तिचे नाव मदीना.

मदीना ही बुगांडा भागातील. तेथील लोकांना बागांडा म्हणतात व त्यांच्या राजाला काबाका. त्यांचे प्रसिद्ध नृत्य म्हणजे बाकिसिंबा. राजाला केळीची दारू पिऊन आनंद झाला, त्याने केळी लावणाऱ्यांची स्तुती केली, त्यातून हे नृत्य निघाले, अशी दंतकथा आहे. कमरेला बकऱ्याचे केसाळ कातडे बांधून स्त्रिया नाचतात. पाय जमिनीलगत झपाझप सरकतात, कंबर ढोलाच्या ठेक्यावर हलते, पण खांदे व मान जागची ढळत नाही. दिसायला सोपे, करायला महाकठीण! साथीला चार-पाच ढोल असतात. त्यातील एंगालाबी नावाच्या उंच ढोलाला घोरपडीचे कातडे लावतात. आपल्याकडच्या दिमडीलाही पूर्वी घोरपडीचेच कातडे असे, हे जाणकारांना ठाऊक आहे.

हे नाचगाणे राजवाड्याच्या आश्रयाने वाढले. परंतु १९६६ च्या मे महिन्यात मिल्टन ओबोटे यांच्या सरकारने काबाकाच्या वाड्यावर फौज धाडली. त्या फौजेचा म्होरक्या होता इदी अमीन. राजा लंडनला पळाला व १९६९ साली तेथेच वारला. १९६७ मध्ये राज्येच रद्द झाली. वाड्यातील वादक, नर्तक विखुरले. दरम्यान सरकारने ‘हार्टबीट ऑफ आफ्रिका’ नावाचे राष्ट्रीय नृत्यपथक उभारले होते. निरनिराळ्या जमातींची नृत्ये हे पथक देशात व परदेशांत सादर करी. मदीना याच पथकात नाचत असे.

१९७१ च्या जानेवारीत अमीनने सत्ता बळकावली आणि बागांडांना खूष करण्यासाठी त्याच राजाचे शव लंडनहून मायदेशी आणवले. पुढच्या वर्षीचे हे लग्नही त्याच राजकारणात बसते. याआधी ओबोटे यांच्या लांगो जमातीतील नोरा त्याने अशीच घरात आणली होती. लग्न म्हणजे त्याच्यासाठी जमात जोडण्याचे साधन होते, असे आम्हाला वाटते.

मदीना आली तेव्हा घरात तिघी होत्या. थोरली मल्यामू, दुसरी के ही धर्मोपदेशकाची मुलगी, मॅकेरेरे विद्यापीठात शिकलेली, तिसरी नोरा. २६ मार्च १९७४ रोजी अमीनने या तिघींना घटस्फोट दिल्याचे रेडिओवरून जाहीर झाले. साऱ्या देशाबरोबर घरची बाईही रेडिओवर आपले नशीब ऐकणार! त्याच ऑगस्टमध्ये केचा मृतदेह तुकडे केलेल्या अवस्थेत सापडला. मल्यामू पुढे देश सोडून लंडनला गेली.

मदीना मात्र राहिली. तिघी गेल्या, नर्तकी टिकली, म्हणून तिचे नशीब थोर म्हणावे काय? अमीनचे आरोग्यमंत्री हेन्री केंबा १९७७ मध्ये परदेशी निसटले आणि त्यांनी पुस्तक लिहिले. त्यात ते सांगतात की अमीनच्या जिवावर हल्ला झाला तेव्हा त्याचा संशय मदीनावर गेला आणि त्याने तिला इतके मारले की त्याच्याच मनगटाला इजा झाली. हाताला प्लास्टर घातलेला राष्ट्राध्यक्ष लोकांपुढे येत होता. घरातल्या बाईचे अंग कोण पाहणार?

१९७५ मध्ये त्याने सारा नावाच्या आणखी एका नर्तकीशी लग्न केले. ती लष्कराच्या बँडबरोबर नाचत असे. एप्रिल १९७९ मध्ये टांझानियाच्या फौजा कंपालात शिरल्या व अमीन पळाला. त्याच्या राजवटीत सुमारे तीन लाख माणसे मारली गेली, असा एक अंदाज आहे. तो २००३ मध्ये सौदी अरेबियात वारला. साराने लंडनमध्ये केस कापण्याचे दुकान चालवले. २०१५ मध्ये तीही गेली.

१९९३ साली युगांडात काबाकाची गादी पुन्हा स्थापन झाली. बाकिसिंबा आता शाळांच्या स्पर्धांत आणि लग्नांत नाचतात. मुली कमरेला तेच कातडे बांधतात. ढोल वाजू लागला की पहिल्या ठेक्याला कंबर हलते, आणि खांदे तसेच स्थिर राहतात.