ताम्हिणीत अपघात, आयुष्यभराचे अपंगत्व; भरपाई नेमकी कशी ठरते?

२० डिसेंबर २०२४ रोजी पुण्यातील लोहगावहून महाडजवळच्या बिरवाडीला लग्नासाठी निघालेली खासगी बस ताम्हिणी घाटात उलटली. पाच जणांचा मृत्यू झाला, पंचवीसहून अधिक जखमी झाले. अशा बातमीत मृतांचा आकडा लक्षात राहतो. ‘जखमी’ या शब्दामागे मात्र कुणाचा पाय कापावा लागलेला असतो, कुणाच्या मणक्याला मार बसलेला असतो. या जखमींना कायदा नेमके काय देतो?

दावा पुण्यात की रायगडमध्ये?

ताम्हिणी गाव मुळशी तालुक्यात, म्हणजे पुणे जिल्ह्यात. घाट उतरू लागले की रायगडमधील माणगाव तालुका सुरू होतो. गुन्हा माणगावला नोंदला म्हणून तिथल्याच कोर्टात खेटे घालावे लागतील, असा अनेकांचा समज असतो. तो चुकीचा आहे. मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ नुसार अपघात जिथे झाला तिथे, जखमी जिथे राहतो किंवा व्यवसाय करतो तिथे, किंवा प्रतिवादी जिथे राहतो तिथे, यापैकी कुठल्याही मोटार अपघात दावा प्राधिकरणाकडे अर्ज करता येतो. व्हीलचेअरवरच्या माणसासाठी ही सवलत फार मोलाची आहे.

पोलिसांनी अपघाताचा पहिला अहवाल ४८ तासांत प्राधिकरणाला द्यावा आणि सविस्तर अहवाल ९० दिवसांत, असे २०२२ पासूनचे नियम सांगतात. जखमीने अर्ज सहा महिन्यांत करावा, अशी अटही १ एप्रिल २०२२ पासून लागू आहे. तिला सर्वोच्च न्यायालयात आव्हान देण्यात आले असून, केवळ उशिराच्या कारणावरून दावे फेटाळू नयेत, असा अंतरिम आदेश न्यायालयाने नोव्हेंबर २०२५ मध्ये दिला. तरीही सहा महिने धरून चाललेले बरे.

अडीच लाख घ्यायचे की थांबायचे?

कलम १६४ खाली चूक कोणाची हे सिद्ध न करता गंभीर दुखापतीसाठी अडीच लाख आणि मृत्यूसाठी पाच लाख रुपये मिळतात. दवाखान्याचे बिल समोर असताना ही रक्कम मोठी वाटते. पण ती स्वीकारली की कलम १६६ खालचा दावा संपुष्टात येतो. अपंगत्व कायमचे असेल तर या सहीची किंमत किती, ते पुढच्या गणितात दिसेल.

धडक देऊन वाहन पळून गेले आणि सापडलेच नाही, तर गंभीर जखमीला ५० हजार आणि मृत्यू झाल्यास वारसांना दोन लाख रुपये मिळतात.

प्रमाणपत्रावरची टक्केवारी आणि कमाईची टक्केवारी

समजा, ३० वर्षांचा टेम्पोचालक महिन्याला २० हजार रुपये कमावतो. वर्षाचे झाले २ लाख ४० हजार. प्रणय सेठी निकालानुसार (२०१७) स्वतःचा व्यवसाय असलेल्या चाळिशीच्या आतील व्यक्तीच्या उत्पन्नात भविष्यातील वाढ म्हणून ४० टक्के मिळवले जातात. म्हणजे ३ लाख ३६ हजार. सरला वर्मा निकालातील (२००९) तक्त्याप्रमाणे २६ ते ३० वयासाठी गुणक १७. गुणाकार येतो ५७ लाख १२ हजार.

आता त्याचा पाय कापला गेला आणि डॉक्टरांनी अपंगत्व ६० टक्के लिहिले. मग भरपाई ६० टक्क्यांनी, म्हणजे ३४ लाख २७ हजार २०० रुपये? विमा कंपनीचा वकील तसेच म्हणेल. पण राज कुमार विरुद्ध अजय कुमार या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये स्पष्ट केले की शारीरिक अपंगत्व वेगळे आणि कमाईच्या क्षमतेतील घट वेगळी. हात गमावलेला चालक किंवा सुतार जवळपास पूर्ण कमाई गमावतो. कार्यालयात बसून काम करणाऱ्या कारकुनाची नोकरी टिकू शकते. आपल्या टेम्पोचालकाला पुन्हा गाडी चालवता येणार नाही आणि दुसरे काम जमणार नाही हे पटवता आले, तर घट १०० टक्के धरली जाऊ शकते. फरक २२ लाख ८४ हजार ८०० रुपयांचा.

हे उलटही फिरते. एका पायाचे ४५ टक्के अपंगत्व म्हणजे संपूर्ण शरीराचे ४५ टक्के नव्हे. प्रमाणपत्रावर नेमके काय लिहिले आहे, ते आधी वाचावे. ते देणाऱ्या किंवा उपचार करणाऱ्या डॉक्टरांची साक्ष बहुतेक वेळा निर्णायक ठरते.

उपचारांचा खर्च, पुढच्या शस्त्रक्रिया, कृत्रिम पाय, वेदना, आयुष्यातील आनंदाला मुकणे हे सारे वेगळे. काळजी घेणाऱ्या माणसाचा खर्चही. काजल विरुद्ध जगदीश चंद (२०२०) प्रकरणात न्यायालयाने तो ठोक रकमेऐवजी गुणक पद्धतीनेच मोजला. घरात आई किंवा बायकोच हे काम करते, म्हणून अनेकदा तो मागितलाच जात नाही.

वकिलाची फी परवडत नसेल तर महिला आणि दिव्यांग व्यक्तींना जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो. त्यासाठी उत्पन्नाची मर्यादा नाही. २०२५ च्या योजनेनुसार अपघातानंतरच्या सात दिवसांत दीड लाखांपर्यंत कॅशलेस उपचारही आहेत.

स्वतःचीच गाडी दरीत गेली तर?

पावसाळ्यात ताम्हिणीला येणारे बहुतेक जण स्वतःची गाडी घेऊन येतात. चालकाच्या स्वतःच्याच चुकीने गाडी दरीत गेली, तर त्याला कलम १६६ खाली भरपाई मागता येत नाही. त्याच्यासाठी उरतो तो विम्यातील मालक-चालक वैयक्तिक अपघात हिस्सा. त्याची मर्यादा किमान १५ लाख रुपये. एक हात किंवा एक पाय गमावल्यास त्याच्या निम्मे. गाडी स्वतःच्या नावावर हवी आणि लायसन्स चालू हवे. पॉलिसीच्या पहिल्याच पानावर या हिस्स्याचा हप्ता वेगळा दाखवलेला असतो. तो शून्य दिसत असेल, तर हे संरक्षण त्या पॉलिसीत नाही.