घरमालक बांधकाम काढतो, तेव्हा किरायदाराचं काय?

अमरावतीच्या प्रभात चौकातली जुनी दुमजली इमारत ३० ऑक्टोबर २०२२ रोजी कोसळली आणि पाच जणांचा जीव गेला. पडायला आलेल्या इमारतीतही लोक दुकान चालवत राहतात, त्यामागे अनेकदा एक भीती असते: एकदा बाहेर पडलो की हक्क संपला.

ही भीती कायद्याला धरून नाही. सांगलीत महापालिकेने एक जीर्ण इमारत पाडली होती. वास्तूच उरली नाही, तर किरायदारी कसली, असा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. तीन न्यायमूर्तींच्या पीठाने २०१४ मध्ये स्पष्ट केलं की भाडेपट्ट्यात इमारतीखालची जमीनही येते, त्यामुळे वास्तू पाडल्याने किरायदाराचा हक्क बुडत नाही. म्हणून धोकादायक इमारतीची नोटीस आली तर बाहेर पडा. मात्र त्यापूर्वी आपल्या गाळ्याचं मोजमाप महापालिकेकडे लेखी मागा. किरायाच्या पावत्या, वीजबिलं, फोटो जपून ठेवा.

वऱ्हाडातल्या जुन्या किरायदारांच्या डोक्यात अजून ‘रेंट कंट्रोलर’ बसलेला आहे. मध्य प्रांत-वऱ्हाडच्या १९४९ च्या आदेशानुसार घर खाली करून घ्यायला आधी त्याची परवानगी लागायची, ते खरं. पण ३१ मार्च २००० पासून महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम लागू झाला आणि ती पायरी गेली. आता अकोला-अमरावतीत दावा थेट कनिष्ठ स्तर दिवाणी न्यायाधीशांपुढे चालतो. परवानगीच नाही म्हणून समन्स आल्यावर घरी बसणाऱ्याविरुद्ध एकतर्फी निकाल लागू शकतो.

‘नकाशा मंजूर झाला, आता उठा’ हे वाक्य तर सर्रास ऐकू येतं. नकाशा ही केवळ एक अट आहे. नवं बांधकाम करायला जागा हवी असेल, तर मालकाने कलम १६ खाली दावा लावावा लागतो, हाती पैसा आहे हे दाखवावं लागतं, ताबा मिळाल्यापासून महिन्याभरात पाडकाम सुरू करण्याची हमी द्यावी लागते. न्यायालयाचा हुकूम नसताना कुलूप लावणं बेकायदा. असा हुकूम होऊन पाडकाम आणि नवं बांधकाम सुरू झालं, तर ताबा दिल्यापासून सहा महिन्यांच्या आत ‘नव्या इमारतीत मला जागा हवी’ अशी लेखी नोटीस मालकाला द्यायची असते. माझ्या मते सगळ्यात जास्त नुकसान इथेच होतं, कारण तोंडी आश्वासनावर विसंबून ही मुदत हातची जाते.

बांधकामाचा त्रास होतो म्हणून किराया थांबवू नका. थकबाकीमुळे मालकाला दाव्याचं आयतं कारण मिळतं. त्याने पाणी किंवा वीज तोडली, तर कलम २९ खाली न्यायालयात अर्ज करता येतो, आणि या गुन्ह्याला तीन महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते.