कोनांवर चालणारे जग

डिसेंबर-जानेवारीत गोंदियाकडे धान कापून मोकळ्या झालेल्या बांध्यांवर सकाळी दाट धुके उतरते. अशाच एका सकाळी तिथल्या शाळेत काही शिक्षकांबरोबर भूमिती ‘करून पाहण्याचा’ योग आला. पुठ्ठ्याचा एक त्रिकोण, एक चौकोन आणि एक वर्तुळ कापून टेबलावर ठेवले आणि एकेकाला सांगितले, डोळा टेबलाच्या पातळीपर्यंत खाली आणा. काय दिसते? तिन्हींच्या जागी फक्त तीन आडव्या रेघा! मग ओळखायचे कसे, कोण त्रिकोण आणि कोण वर्तुळ?

हाच प्रश्न एका काल्पनिक जगातल्या लोकांना रोज पडतो. लंडनमधल्या एका शाळेचे मुख्याध्यापक एडविन अ‍ॅबट यांनी १८८४ साली ‘फ्लॅटलँड’ नावाची छोटी कादंबरी लिहिली. तिच्यातले जग कागदासारखे सपाट आहे. लांबी आणि रुंदी आहे, उंची नाही. ‘वर’ हा शब्दच तिथे कोणाला कळत नाही. गोष्ट सांगणारा आहे एक चौरस, व्यवसायाने वकील.

आता ओळखण्याचे कोडे. तिथले सामान्य लोक एकमेकांचे कोन चक्क चाचपून पाहतात. सुशिक्षितांची रीत वेगळी, आणि तिला धुके लागते. धुक्यात जवळचे स्पष्ट दिसते, लांबचे पुसट. त्रिकोणाचे टोक तुमच्याकडे असेल तर त्याच्या दोन्ही बाजू झपाट्याने मागे जातात, म्हणून रेघ मध्यभागी उजळ आणि कडांना लगेच अंधुक होते. पंचकोनाच्या बाजू सावकाश मागे जातात, तिथे उजेडही सावकाश मावळतो. हे सांगताना आम्ही खिडकीबाहेर पाहिले. जवळचा धुरा काळाभोर, पलीकडचा राखाडी, त्यापुढचा नाहीसाच. फळ्यापेक्षा बाहेरच्या धुऱ्यांनीच मुद्दा लवकर समजावला.

या जगाची समाजरचना मात्र गमतीची नाही. स्त्रिया म्हणजे नुसत्या सरळ रेषा. मजूर आणि शिपाई म्हणजे अरुंद टोकाचे समद्विभुज त्रिकोण, मध्यमवर्गीय समभुज त्रिकोण, वकील-डॉक्टर चौरस किंवा पंचकोन, षट्कोनापासून पुढे सरदार, आणि इतक्या बाजूंचे की वर्तुळच वाटावेत ते धर्मगुरू, सर्वांत वर. टोकाचा कोन जितका लहान तितकी बुद्धी कमी, असा तिथला ठाम समज. ज्याच्या बाजू असमान तो जन्मतःच गुन्हेगार मानला जातो. काही कडक राज्यांत तर कोन अर्ध्या अंशाने चुकला तरी त्या बालकाला मारून टाकतात. आणि शाळेत? कोन चाचपण्याचा सराव मुलांना व्हावा म्हणून खालच्या वर्गातले जिवंत त्रिकोण वर्गात ‘नमुने’ म्हणून बांधून ठेवतात. काही शाळा त्यांना खायलाही देत नाहीत, मेला की दुसरा आणतात.

एवढे ऐकल्यावर मागे बसलेल्या एक बाई म्हणाल्या, “सर, हे काल्पनिक कुठे आहे? आमच्याकडे कोनमापकाऐवजी आडनाव विचारतात, एवढाच फरक.”

बाईंचे म्हणणे बरोबरच होते. अ‍ॅबट यांचा रोख त्यांच्या काळातल्या इंग्लंडवर होता. काही वाचकांनी त्यातले स्त्रियांचे वर्णन उपरोध न समजता खरे धरले आणि लेखकाला नावे ठेवली. प्रत्यक्षात ते स्त्रीशिक्षणाचे पुरस्कर्ते होते. आपल्याकडे त्याच सुमारास हे प्रश्न आडपडद्याशिवाय विचारले जात होते. जोतीराव फुल्यांची ‘गुलामगिरी’ १८७३ ची, आणि बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांचे ‘स्त्रीपुरुष तुलना’ १८८२ चे. तिथे त्रिकोण-चौकोनांचा आडोसा घ्यावा लागलेला नाही.

पुन्हा भूमितीकडे येऊ. एके रात्री चौरसाच्या घरात एक गोल अवतरतो. घराचे दार बंद, तरी आत एक ठिपका उमटतो, त्याचे वर्तुळ होते, ते वाढते, लहान होते, नाहीसे होते. हे वर्गात दाखवायला पसरट टबभर पाणी आणि एक चेंडू पुरे. पाण्याचा पृष्ठभाग हे आपले सपाट जग. चेंडू हळूहळू खाली दाबा आणि तो पाण्याला जिथे भेटतो तेवढेच पाहा. चेंडूची त्रिज्या ५ सेंमी असेल आणि त्याचा मध्य पाण्यापासून ३ सेंमी वर असेल, तर पायथागोरसाच्या प्रमेयाने पाण्यातल्या वर्तुळाची त्रिज्या ४ सेंमी. मध्य पाण्याच्या पातळीत आला की ५. आणखी ४ सेंमी खाली गेला की ३. पृष्ठभागावरच्या प्राण्याला चेंडू कधीच दिसत नाही. दिसते ते वाढणारे आणि आटणारे वर्तुळ. साबणाच्या घनाकृती वडीचा एक कोपरा खाली धरून हाच प्रयोग करा. आधी त्रिकोण, बरोबर मध्यावर नियमित षट्कोन, पुढे पुन्हा त्रिकोण. पहिल्यांदा पाहताना मलाही वडी बाहेर काढून खात्री करून घ्यावी लागली होती.

गोल चौरसाला उचलून ‘वर’ नेतो, तेव्हा त्याला आपल्या घरातल्या सगळ्या बंद खोल्या एकदम उघड्या दिसतात. तो भारावतो आणि विचारतो, मग चौथी मितीही असेल ना? रेषेला २ टोके, चौरसाला ४ बाजू, घनाला ६ पृष्ठे. पुढच्या आकृतीला ८ घनांची सीमा असायला हवी! तर्क बिनचूक आहे. आजचे गणितही तेच सांगते. पण तिसऱ्या मितीचा उपदेश करणारा हा गोल चौथीचे नाव काढताच संतापतो आणि चौरसाला खाली ढकलून देतो. तिसऱ्या मितीबद्दल बोलल्याच्या गुन्ह्यासाठी चौरस पुढे तुरुंगात जातो. गोष्ट सांगतो तेव्हा त्याची सात वर्षे तिथे गेलेली असतात.

या गोष्टीतला एक प्रसंग मी शिक्षकांना मुद्दाम सांगतो. गोल येण्याच्या थोडे आधी चौरस आपल्या नातवाला, एका छोट्या षट्कोनाला, शिकवत असतो. ३ लांबीची रेषा सरकवली की ३ चा वर्ग, म्हणजे ९ चौरस. नातू विचारतो, मग ३ चा घन २७, त्यालाही भूमितीत काही अर्थ असेलच ना? आजोबा त्याला वेड्यात काढून झोपायला पाठवतात. पुढे स्वतः सगळे पाहून आल्यावर ते नातवाला जवळ घेऊन तोच धडा पुन्हा सुरू करतात. पण तोवर अशा गोष्टी बोलणाऱ्यांना अटक करण्याची दवंडी पिटलेली असते. नातू रडू लागतो आणि म्हणतो, मी तेव्हा नुसती गंमत केली होती.