न धरलेली शाळा सोडल्याचा दाखला

जातीचा दाखला हाती असताना जातवैधता प्रमाणपत्र आणखी कशाला, असे दरवर्षी आपल्या वर्गात कोणीतरी विचारतोच. उत्तर सोपे आहे. दाखला प्रांत देतात. तो खरा आहे असे सांगणारा कागद पडताळणी समिती देते. म्हणजे एका सरकारी कागदाला दुसरा सरकारी कागद जामीन!

ही पद्धत उगीच आलेली नाही, हेही सांगितले पाहिजे. खोट्या दाखल्यांवर आदिवासींच्या जागा बळकावल्या जात होत्या. १९९४ साली माधुरी पाटील खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पडताळणीची रीत घालून दिली. राज्याने पुढे तिचा कायदा केला. हेतू चांगलाच आहे.

घोडे अडते ते तारखेपाशी. अनुसूचित जमातींसाठी ६ सप्टेंबर १९५० ही तारीख धरतात आणि त्यापूर्वीच्या कागदाला सर्वांत अधिक वजन असते. माझा एक वर्गमित्र वारली, बोईसरच्या पूर्वेकडील पाड्यातला. त्याला बी. एड.ला जायचे आहे. त्याचे आजोबा-पणजोबा गवत कापण्यात आणि दुसऱ्यांची भातशेती लावण्यात खपले. एका कचेरीत त्याला सांगण्यात आले, "आजोबांचा शाळा सोडल्याचा दाखला आणा." जी शाळा कधी धरलीच नाही, ती सोडल्याचा दाखला आणायचा कोठून? ज्या घरात शिक्षण सर्वांत उशिरा पोहोचले, त्याच घराकडे सर्वांत जुना शाळेचा कागद मागायचा, असा हा हिशेब आहे.

शाळा नसेल तर गाव नमुना नंबर १४ उपयोगी पडतो. आपण त्याला कोतवाल बुक म्हणतो. त्यात जुन्या जन्ममृत्यूंच्या नोंदी असतात. मित्राला त्यात पणजोबांचा जन्म सापडला, जमातीसकट! पण वर लिहिलेले 'तालुका माहीम, जिल्हा ठाणे'. आपला पालघर तालुका पूर्वी माहीम या नावाने ओळखला जाई. केळवे-माहीम, मुंबईचे नव्हे. पालघर जिल्हा तर १ ऑगस्ट २०१४ रोजी झाला. झोपडी जागची हललेली नाही, पण ती माहीमची की पालघरची, याचा खुलासा त्यालाच करावा लागला. (तारापूर औद्योगिक वसाहतीला जाणारा बोईसरला उतरतो, त्याच्याकडे मात्र कोणी खुलासा मागत नाही.)

वडिलांकडच्या रक्ताच्या नातेवाइकाला आधी वैधता मिळालेली असेल तर वाट बरीच सुकर होते. त्याच्या घरात हा पहिलाच अर्ज आहे. धाकटी बहीण यंदा अकरावीत आहे. तिने वंशावळीची आणखी एक प्रत आताच काढून ठेवली आहे.