रशियन कप्तान ते अदिती पंत

मे महिन्यात देवपुरात पारा ४३-४४ वर जातो तेव्हा गच्चीवर पाणी मारून आपण अंथरुणं टाकतो. अशा गावात बसून मी बर्फावर लिहितोय, हसू नका. स्पर्धा परीक्षांच्या पुस्तकात एक प्रश्न असतो : अंटार्क्टिकावर गेलेल्या पहिल्या भारतीय महिला कोण? उत्तर पाठ करून आपण पुढे जातो. पण त्या तिथे कशाला गेल्या होत्या, हे त्या पुस्तकात नसतं.

सुरुवात रशियन नौदलापासून करावी लागते. १८१९ मध्ये फाबियान बेलिंग्सहाउझेन हा अधिकारी 'वोस्तोक' आणि 'मिर्नी' ही दोन शिडाची जहाजं घेऊन दक्षिणेला निघाला. 'मिर्नी'चा कप्तान होता मिखाईल लाझारेव्ह. आजच्या कॅलेंडरने २७ जानेवारी १८२० रोजी त्यांना बर्फाचा सलग काठ दिसला. तो अंटार्क्टिकाचाच काठ होता, असं बहुतेक अभ्यासक मानतात. इंजिन नाही, वायरलेस नाही, आणि समोर हिमनग! तरी दोन्ही जहाजं परत आली.

पुढे दीडशे वर्षं हा प्रांत जवळजवळ पुरुषांचाच राहिला. तिथे जायचं तर बहुधा नौदलाच्या जहाजातून, आणि त्यात बायकांना जागा नाही. अमेरिकन नौदलाने ही बंदी १९६९ मध्ये उठवली. रशियन त्या मानाने पुढे. त्यांच्या मारिया क्लेनोव्हा या सागरी भूशास्त्रज्ञ १९५६ मध्येच तिथे काम करत होत्या.

आता आपल्याकडे येऊ. अदिती पंत यांचा जन्म १९४३ चा, नागपूरचा. घराणं औंध संस्थानचं, वडील आप्पासाहेब पंत परराष्ट्र सेवेत. पुणे विद्यापीठात बी.एस्सी. करताना ॲलिस्टर हार्डी यांचं समुद्रावरचं 'द ओपन सी' हे पुस्तक हाती आलं आणि दिशाच बदलली. मग हवाई विद्यापीठ, लंडनला पीएच.डी., आणि परत येऊन गोव्याची राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था. परदेशात राहणं सोपं होतं, तरी त्या परतल्या, हे मला विशेष वाटतं.

डिसेंबर १९८३ मध्ये गोव्याहून तिसरी भारतीय मोहीम निघाली. नेते डॉ. हर्ष गुप्ता. तीत पहिल्यांदाच दोन महिला होत्या : अदिती पंत आणि भूशास्त्रज्ञ सुदीप्ता सेनगुप्ता. पंतांचा विषय प्लवक, म्हणजे पाण्यात तरंगणारे सूक्ष्म जीव. त्यातल्या वनस्पती-प्लवकांना अंटार्क्टिकाच्या उन्हाळ्यात चोवीस तास उजेड मिळतो आणि ते झपाट्याने वाढतात. त्यांच्यावर क्रिल नावाचा कोळंबीसारखा जीव जगतो, आणि क्रिलवर पेंग्विन, सील, देवमासे. म्हणजे तिथली सगळी मेस या डोळ्यांना न दिसणाऱ्या शेतीवर चालते! हे शेत किती पिकतं ते मोजायची नेहमीची पद्धत म्हणजे समुद्राचं पाणी बाटलीत घेऊन त्यात किरणोत्सारी कार्बन-१४ घालायचा आणि प्लवकांनी त्यातला किती शोषला ते तपासायचं. ऐकायला सोपं, पण गोठवणाऱ्या वाऱ्यात, हलत्या डेकवर उभं राहून नमुने घ्या म्हणजे कळेल.

याच मोहिमेत लष्कराच्या इंजिनियरांनी 'दक्षिण गंगोत्री' हे आपलं पहिलं ठाणं उभं केलं, आणि १२ जण हिवाळाभर तिथे राहिले. सिव्हिलवाल्यांनो, इकडे लक्ष द्या. ठाणं जमिनीवर नव्हतं, समुद्रावर तरंगणाऱ्या बर्फाच्या जाड थरावर होतं. इमारतीला वारा अडला की त्याची गती कमी होते आणि त्याने वाहून आणलेला बर्फ तिथेच पडतो, आपल्याकडे बांधाच्या आडोशाला धूळ साचते तसा. तिथे तो वितळतही नाही. काही वर्षांत ठाणं गाडलं गेलं, आणि १९९० मध्ये ते सोडावं लागलं. दुसरं ठाणं, 'मैत्री', खडकावर आणि खांबांवर बांधलं. खालून वारा बर्फ घेऊन निघून जातो.

पंत पाचव्या मोहिमेतही गेल्या. नंतर पुण्याच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेत त्यांनी खारात जगणाऱ्या सूक्ष्मजीवांवर काम केलं.

रेखांशावरून मी एक हिशेब केला. रशियन जहाजांनी १८२० मध्ये बर्फ पाहिला ती जागा आणि दक्षिण गंगोत्री यांत अंतर पाचशे किलोमीटरच्या आसपास निघतं. 'मैत्री'च्या शेजारीच रशियाचं ठाणं आहे, १९६१ पासूनचं. त्याचं नाव नोवोलाझारेव्हस्काया, 'मिर्नी'च्या त्या लाझारेव्ह कप्तानावरून ठेवलेलं.