फेस बसवणारं तेल

शिरपूरच्या बाजारात मेडिकल, किराणा आणि जनरल स्टोअर बहुतेक हाकेच्या अंतरावर असतात. मेडिकलमधल्या अॅसिडिटीच्या गुलाबी बाटलीवर बारीक अक्षरांत ‘सिमेथिकोन आयपी’ असं छापलेलं असतं. किराण्यातल्या रिफाइंड तेलाच्या पिशवीवर बऱ्याचदा ‘अँटिफोमिंग एजंट (९००ए)’ दिसतं. जनरल स्टोअरमधल्या कंडिशनरवर ‘डायमेथिकोन’ असतं. आणि कापसाच्या या पट्ट्यातलं सूत विणून झाल्यावर फिनिशिंगला जातं, तिथले लोक ज्या ड्रमला नुसतं ‘सिलिकॉन’ म्हणतात, तोही याच घराण्यातला. पहिल्या तिन्ही वस्तूंत मुळात एकच तेल आहे. चौथं भावकीतलं.

एका पदार्थाला इतकी नावं पडली, कारण प्रत्येक नाव वेगळ्या खात्याने ठेवलं आहे. औषधवाल्यांचं एक, सौंदर्यप्रसाधनवाल्यांचं दुसरं, अन्न खात्याचा नुसता आकडा. गिऱ्हाइकाला विचारून कुणीच ठेवलेलं नाही. तरीही ही नावं वाचता येतात, आणि एकदा जमली की लेबल बरंच काही सांगतं.

आधी एक घोळ मिटवावा लागेल. आपली वर्तमानपत्रं चिपमधलं मूलद्रव्य आणि नळाच्या फटीत भरायचा चिकट रबरी पदार्थ या दोन्हींना सरसकट ‘सिलिकॉन’ म्हणतात. पहिलं सिलिकॉन. ते १८२४ मध्ये बर्झेलियसने वेगळं काढलं. दुसरं सिलिकोन, म्हणजे सिलिकॉन, ऑक्सिजन आणि कार्बनी गट यांची माणसाने बनवलेली साखळी. इंग्रजीत दोन्हींत शेवटच्या एका ‘ई’चा फरक आहे. मराठीत एका कान्याच्या टोपीचा. तो पाळला तर निम्मा गोंधळ तिथेच संपतो.

सिलिकोन हे नाव मात्र चुकीच्या अंदाजातून आलं. नॉटिंगहॅमचे फ्रेडरिक किपिंग विसाव्या शतकाच्या सुरुवातीला सिलिकॉनची कार्बनी संयुगं बनवत होते. कार्बनच्या कीटोनमध्ये ऑक्सिजन दुहेरी बंधाने बसतो, तसंच सिलिकॉनमध्येही असेल असं धरून त्यांनी ‘सिलिकोकीटोन’ हा शब्द घेतला, आणि तो आखडून सिलिकोन झाला. पण सिलिकॉनला तो दुहेरी बंध मानवत नाही. त्याचा ऑक्सिजन एक हात या शेजाऱ्याला देतो, दुसरा त्या शेजाऱ्याला, आणि रांग लांबत जाते. किपिंग यांना हवे होते स्वच्छ स्फटिक, हाती लागायचा चिकट गोळा. पुढे रचना समजली, तरी नाव तेच राहिलं. १९३६ च्या एका मोठ्या व्याख्यानात त्यांनी या शाखेच्या भवितव्याबद्दल फारशी आशा दाखवली नाही. त्यानंतर चारच वर्षांनी, मे १९४० मध्ये, अमेरिकेत जनरल इलेक्ट्रिकच्या प्रयोगशाळेत युजीन रोचो यांनी तांबं मिसळलेल्या सिलिकॉनवरून मिथाइल क्लोराइडची वाफ नेली आणि सिलिकोन स्वस्तात बनवायचा रस्ता सापडला. १९४३ मध्ये डाऊ कॉर्निंग कंपनी उभी राहिली. पहिलं मोठं गिऱ्हाईक होतं युद्धातलं विमान. उंचावर इंजिनाच्या इग्निशनमध्ये ओल शिरू नये म्हणून हा चिकट गोळा तिथे थापायचे. किपिंग यांच्या डोक्याला ताप झालेला चिकटपणाच शेवटी विकला गेला.

कच्चा माल म्हणजे वाळूच की, असं म्हणून तापीकडे बोट दाखवावंसं वाटतं. ते खरं नाही. आपल्या काळ्या बेसाल्टमध्ये सिलिका साधारण निम्मी असते, बाकी लोह, अॅल्युमिनियम, कॅल्शियम वगैरे. या उद्योगाला शुद्ध क्वार्ट्झ लागतं, आणि त्यातला ऑक्सिजन विजेच्या भट्टीत कोळशाने ओढून काढावा लागतो. तापीच्या रेतीला बांधकामवालेच बरे.

आता नाव फोडू. ‘डाय’ म्हणजे दोन, ‘मेथ’ म्हणजे मिथाइल, आणि ‘इकोन’ ही सिलिकोनची शेपटी. साखळीतल्या प्रत्येक सिलिकॉनला दोन मिथाइल गट चिकटलेले, इतकंच. साखळी किती लांब, हे नाव सांगत नाही. ते दाटपणाचा आकडा सांगतो. पाण्याचा दाटपणा सुमारे १ सेंटिस्टोक धरला, तर अमेरिकी औषधसंहितेतलं डायमेथिकोन २० पासून ३०,००० पर्यंत मिळतं. पाण्यासारखं धावणारं आणि मधापेक्षा जड, दोन्हींचं नाव डायमेथिकोनच. म्हणून कारखान्यातला माणूस ‘डायमेथिकोन’ म्हणून थांबत नाही, ‘तीनशे पन्नास’ असं पुढे जोडतोच. पुढे ‘ओल’ लागलं की डायमेथिकोनॉल, म्हणजे टोकांना हायड्रॉक्सिल गट. ‘अमो’ लागलं की अमोडायमेथिकोन, म्हणजे अमाइन गट. तो केसाला जास्त चिकटून राहतो. कापडाला मऊ हात देणारा सॉफ्टनर याच अमाइन जातीचा. ‘सायक्लो’ लागलं की साखळी सरळ नाही, तिचं कडं झालंय. हे शेवटचं लक्षात ठेवावं.

सिमेथिकोन मात्र वेगळा रेणू नाही, मिश्रण आहे. डायमेथिकोनमध्ये अतिशय बारीक सिलिका घोटली की सिमेथिकोन तयार होतं. संहितेनुसार सिलिका ४ ते ७ टक्के असावी लागते. नावातला ‘सि’ तिचाच. काही पाकिटांवर यालाच ‘अॅक्टिव्हेटेड डायमेथिकोन’ लिहितात. जेलुसिल एमपीएसमधलं ‘एमपीएस’ म्हणजे मिथाइल पॉलीसिलॉक्झेन, तेही हेच. त्यात जागतिक आरोग्य संघटनेच्या नामपद्धतीत ‘टीएच’ऐवजी नुसता ‘टी’ लिहायचा दंडक आहे. त्यामुळे परदेशी पाकिटावर ‘सिमेटिकोन’, ‘डायमेटिकोन’ दिसलं तर ती छपाईची चूक नव्हे.

शिरपूरला हे नाव परीक्षेतून येतं. करवंद नाक्यावर आर. सी. पटेल औषधनिर्माणशास्त्र महाविद्यालय १९९२ पासून आहे. तापीकाठी बाभुळदे इथे एनएमआयएमएसच्या आवारातही फार्मसी शिकवली जाते. तालुक्याच्या गावात फार्मसीची एवढी पोरं असल्यावर अॅसिडिटीच्या बाटलीतलं सिमेथिकोन कशासाठी, हा तोंडी परीक्षेतला हातखंडा प्रश्न होणारच. बहुतेकांचं उत्तर ठरलेलं असतं, ‘गॅस कमी करतं’. इथेच गाडी चुकते.

सिमेथिकोन कसं पारखतात ते पाहिलं की खरं उत्तर सापडतं. २५० मिलीची बरणी घ्यायची, तिच्यात भरपूर फेसणारं साबणासारखं द्रावण. त्यात सिमेथिकोनचा ठरलेला अंश टाकायचा, झाकण लावायचं, यंत्रावर १० सेकंद जोरात हलवायची. मग घड्याळ लावून फेसाकडे बघत बसायचं. पांढरा थर फाटत जातो, खालून द्रवाची सपाटी उघडी पडते. १५ सेकंदांच्या आत फेस बसला तर माल पास. बसला नाही तर बॅच परत. पोटाचा या चाचणीत कुठे उल्लेखही नाही. मोजलं जातं ते एकच काम, फेस मोडणं.

हे काम सिमेथिकोन कसं करतं? बुडबुड्याची भिंत म्हणजे पाण्याचा पातळ पापुद्रा. पाण्याचा पृष्ठताण ७२, या तेलाचा सुमारे २१, म्हणून तेल पापुद्र्यावर भराभर पसरतं आणि तो पातळ होतो. तेल चोपडलेला सिलिकेचा टोकदार कण भिंतीत घुसतो आणि तिला भोक पाडतो. तेल एकटं हे काम अर्धवट करतं, नुसती सिलिका तर त्याहून कमी. दोघं मिळून बुडबुडा फोडतात. पोटातल्या फेसात नेमकं हेच घडतं. छोटे बुडबुडे एकमेकांत मिसळून मोठे होतात आणि ढेकरेवाटे किंवा खालून निघून जातात. गॅस जितका होता तितकाच राहतो, फक्त सुटा होतो. सिमेथिकोन रक्तात शोषलं जात नाही, जसं आलं तसं शौचावाटे बाहेर पडतं. याच कारणाने ते निरुपद्रवी समजलं जातं.

म्हणून शेवभाजीवर दोन भाकरी जास्त झाल्या, किंवा डाळ-बट्टीच्या पंगतीत हात आवरला नाही, आणि ‘पोट फुगी गयं’ म्हणत माणूस मेडिकलवर आला, तर बाटलीतलं अर्धं औषध त्याच्या कामाचं आणि अर्धं बिनकामाचं. जळजळ असेल तर अॅल्युमिनियम आणि मॅग्नेशियमचे क्षार आम्ल मारतात. पण डाळींमधल्या न पचणाऱ्या शर्करा मोठ्या आतड्यात जीवाणू आंबवतात आणि तिथे नवा वायू तयार होत राहतो. त्याला हे तेल अडवत नाही. गॅसचं औषध म्हणून त्याचा बोलबाला आहे, आणि दुकानदाराने तो खोडून काढावा अशी अपेक्षा धरण्यात अर्थ नाही.

सगळ्यात ठाम उपयोग दिसतो तो एंडोस्कोपीच्या टेबलावर. तपासणीआधी सिमेथिकोनचं पाणी पाजलं की जठरातला फेस नाहीसा होतो आणि कॅमेऱ्याला अस्तर स्वच्छ दिसतं. लहानसा व्रण किंवा गाठ फेसाआड राहू नये यासाठी हा साधा उपाय. मात्र त्याचा थर दुर्बिणीच्या नळीत चिकटून राहतो, म्हणून कमीत कमी वापरा, असंही आता सांगतात.

तान्ह्या बाळाच्या पोटदुखीचे थेंब ही मात्र वेगळी गोष्ट. बाजारातल्या अशा काही थेंबांत सिमेथिकोनबरोबर शेप आणि बडीशेप यांची तेलं घातलेली असतात. म्हणजे आजीचा बाळंतशेपा आणि नॉटिंगहॅमचं तेल एकाच बाटलीत. १९९४ मध्ये अमेरिकेत ८३ बाळांवर झालेल्या चाचणीत सिमेथिकोन आणि नुसतं नावापुरतं औषध यांत फरक आढळला नाही. आयांचा विश्वास काही त्याने ढळलेला दिसत नाही. आणि खरं सांगायचं तर त्या वयातलं रडणं तीन-चार महिन्यांत आपसूक कमी होतं, त्याचं श्रेय जे हातात असेल त्याला मिळतं.

तळणीच्या तेलातला ९००ए हाही तोच माल. परवानगी किलोमागे १० मिलिग्रॅमपर्यंतची. इतकासा अंश तेलाच्या पृष्ठावर राहतो आणि कढईत भजी सोडताना तेल फेसाळून उतू जाऊ देत नाही. गुऱ्हाळात रस उकळताना फेस वर आला की गुळवे तेलाचे चार थेंब टाकतात. विज्ञान जवळपास तेच, तेल मात्र घरचं.

केसांवर डायमेथिकोनची पातळ फिल्म बसते. केस गुंतत नाहीत, चमकतात. ‘सिलिकोन-फ्री’ शॅम्पू घ्या म्हणून जो ओरडा चालतो, त्यात भीतीपेक्षा विक्री जास्त आहे. ही फिल्म धुऊन निघते. उवांवर मात्र या तेलाचं काम खरोखर वाखाणण्यासारखं. २००५ मध्ये ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये आलेल्या चाचणीत ४ टक्के डायमेटिकोनने सुमारे ७० टक्के जणांच्या उवा गेल्या, म्हणजे तिथल्या कीटकनाशकाच्या जवळपास. ते विष नाही, उवेच्या शरीराला वेढून बसतं, म्हणून विषाला सरावलेल्या उवाही त्यातून सुटत नाहीत.

चिंतेचा विषय सरळ साखळीचा नाही, ‘सायक्लो’चा आहे. सायक्लोटेट्रासिलॉक्झेन आणि सायक्लोपेंटासिलॉक्झेन ही छोटी कडी हवेत उडतात, निसर्गात लवकर तुटत नाहीत आणि सजीवांच्या शरीरात साठतात. युरोपीय संघाने ३१ जानेवारी २०२० पासून धुऊन टाकायच्या प्रसाधनांत या दोघांवर ०.१ टक्क्याची मर्यादा घातली, आणि २०२४ मध्ये चेहऱ्यावर व केसांत तशीच ठेवायच्या वस्तूंवरही मर्यादा आणायचं ठरवलं. आपल्याकडे सीरमच्या बाटलीवर ही नावं अजूनही यादीत पहिल्या दोन-तीनांत सापडतात. बाटली हातात घेतल्यावर डायमेथिकोन दिसलं तर थांबायचं कारण नाही. ‘सायक्लो’ने सुरू होणारं लांबलचक नाव दिसलं, तर शेजारची बाटलीही उलटून बघावी.