कॅथलीन बायरन : एका भूमिकेत अडकलेली अभिनेत्री



‘सेव्हिंग प्रायव्हेट रायन’ तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी पाहिला असेल. शेवटी दफनभूमीत म्हातारा रायन बायकोकडे वळून विचारतो, मी चांगला माणूस म्हणून जगलो ना? ती त्याला धीर देते. ती आजी कोण, हा प्रश्न मला तेव्हा पडला नव्हता. पुढे कळलं, ती कॅथलीन बायरन. मग मी ‘ब्लॅक नार्सिसस’ परत लावला. हे दोन्ही चेहरे एकाच बाईचे आहेत, हे पटायला मला वेळ लागला.

जन्म १९२१ चा, लंडनचा. दिग्दर्शक मायकेल पॉवेल याने १९४६ मध्ये तिला स्वर्गाच्या स्वागतकक्षातल्या देवदूताची छोटी भूमिका दिली. लगेच पुढच्या वर्षी ‘ब्लॅक नार्सिसस’मधली सिस्टर रूथ. यापेक्षा चांगली भूमिका तुला पुन्हा मिळणार नाही, असं त्याने तेव्हाच बजावलं होतं. ही आठवण ती स्वतःच सांगायची.

गोष्ट आपल्याकडची आहे. दार्जिलिंगच्या बाजूला, हिमालयातल्या एका राजाच्या जुन्या वाड्यात काही इंग्रज नन शाळा आणि दवाखाना काढतात. पण सिनेमातला एकही शॉट भारतात घेतलेला नाही! सगळं इंग्लंडमध्येच, मुख्यतः लंडनजवळच्या पाइनवुड स्टुडिओत. पर्वत आणि दऱ्या रंगवलेल्या. मूळचा म्हैसूरचा साबू त्यात आहे, पण कांची ही पहाडी मुलगी झालीय जीन सिमन्स, तीही चेहऱ्याला तपकिरी रंग फासून. आज ते खटकतं, आणि खटकायलाच हवं.

तरीही बायरन पडद्यावर आली की मी हे सगळं विसरतो. रूथचा मिस्टर डीनवर जीव जडतो, मनात मत्सर साठत जातो. एका रात्री ती ननचा झगा टाकून लाल पोशाखात बसलेली असते. समोर डेबोरा कर, म्हणजे मठाची प्रमुख, बायबल हातात घेते. रूथ शांतपणे लिपस्टिक लावायला लागते. मेणबत्ती जळत जाते, कुणीच काही करत नाही. शेवटच्या थरारक भागाचं संगीत आधी तयार करून चित्रीकरण त्यावर बेतलं होतं. म्हणूनच त्यात संवाद जवळपास नाहीतच. जे आहे ते तिच्या डोळ्यांत. रूथ वेडी नाही, असं धरूनच आपण ती केली, असं बायरन नंतर म्हणाली. मला वाटतं, भीती बसते ती त्यामुळेच. वेड्या बाईला आपण बाजूला सारू शकतो, हिला नाही.

आणि इथेच घोटाळा झाला. निर्मात्यांच्या डोक्यात तेच डोळे बसले. ‘मॅडनेस ऑफ द हार्ट’ (१९४९) मध्ये पुन्हा मत्सरी बाई. १९५३ मध्ये हॉलिवूडचा ‘यंग बेस’ आला. त्यात जीन सिमन्स, डेबोरा कर आणि बायरन, ‘ब्लॅक नार्सिसस’मधल्या तिघी पुन्हा एकत्र. पण पहिल्या दोघी आता मोठ्या तारका होत्या आणि ही दुय्यम भूमिकेत. पुढे भयपट, टीव्ही, मिळेल ते काम. काम तिने सोडलं नाही.

तिला दुसरंही काही येत होतं, याचा पुरावा आहे. पॉवेल आणि प्रेसबर्गर यांचाच ‘द स्मॉल बॅक रूम’ (१९४९). युद्धकाळ, कृत्रिम पाऊल आणि दारूची ओढ घेऊन जगणारा एक शास्त्रज्ञ, घरात न उघडलेली व्हिस्कीची बाटली, आणि त्याला सांभाळून घेणारी सूझन. शास्त्रज्ञ झालाय डेव्हिड फरार. हाच रूथचा मिस्टर डीन! इथे बायरन आवाज चढवत नाही, कीव करत नाही. नुसती त्याच्या बाजूला असते.

रायनच्या बायकोचं काम केलं तेव्हा ती सत्याहत्तरीच्या घरात होती. २००९ मध्ये ती गेली. तुम्ही तिचे सिनेमे पाहणार असाल तर माझं ऐका : आधी सूझनला भेटा, रूथ नंतर. उलट्या क्रमाने पाहिलंत, तर तुम्हीही त्या निर्मात्यांसारखे तेच डोळे शोधत बसाल.